नवरीला चढवायचं तेल

शालिकराम तेल्याला रिकामं बसणं कधी मानवलंच नाही, आणि नेमकं तेच त्याच्या वाट्याला आलं. तेल्हाऱ्याजवळच्या त्याच्या गावाला कापसानं वेड लावलं होतं. विलायतेपलीकडे कुठंशी लढाई जुंपली आणि वऱ्हाडातल्या कापसाला सोन्याचा भाव आला. मग तीळ-जवस पेरतो कोण? ढोरं शिरू नयेत म्हणून बांधाकडेला काटेरी करडी लावायची जुनी रीत होती, तीही लोकांनी मोडली. बांधापर्यंत नुसती कपाशीची पऱ्हाटी. गावाच्या अंगावर नवी धोतरं आली आणि शालिकरामच्या घाण्यात कोळी राहायला आले.

तो उगाच आतबाहेर करी, घाण्याच्या उखळात फिरणारी लाकडी लाट पुसून ठेवी, बैलाची झापडं सोडून पुन्हा बांधी. रिकामा न्हावी भिंतीला तुंबड्या लावी, तसली गत.

त्यात खुशालराव पाटलांच्या सुभद्रेचं लग्न निघालं. हळदीआधी नवरीला तेल चढवतात, आणि या गावात ते पिढ्यान्‌पिढ्या याच घाण्याचं. पाटील दारात येऊन म्हणाले, "नसन तर सांग बापा. अकोल्याहून तेलाचा बुधला आणतो."

"तेल मी देतो," शालिकराम बोलून बसला.

सरकीला मात्र गावात तोटा नव्हता. ढोरांपुढची सरकी त्यानं उखळात ओतली आणि तिळाला मारतात तसा पाण्याचा शिपका मारला. तिथंच फसला. तिळाला पाणी दिलं की तेल सुटतं. सरकीच्या अंगावरची लव पाणीही प्यायली आणि तेलही. काळा चिकट लगदा झाला, लाट रुतली, बैल थांबला. शालिकरामला बैलाचा राग आला, पाटलाचा आला, त्या लढाईचाही आला. खरं म्हणजे तो घाबरला होता. एकदा नवरीला बाजारचं तेल चढलं, की या घाण्याला विचारणार कोण?

माळ्यावर त्याच्या बायकोनं, गोदाबाईनं, राखेत घालून करडीचं बियाणं जपलं होतं. जेमतेम एक घाणी निघेल एवढं. तो मडकी उतरवू लागला तशी ती आडवी आली.

"हे काहून काढून राहिले?"

"सुभद्रेच्या तेलाले."

"कापसाचा भाव काय जलमभर राहते? लोक पुन्हा करडी पेरतीन, तवा बियाणं काय देसान त्याईले?"

"तवाचं तवा पाहू. आज घाण्याची इज्जत चालली, ते दिसत नाई तुले?"

ती बाजूला झाली.

करडी उखळात पडली, लाट करकरली आणि तेलाची धार लागली. गल्लीभर वास सुटला. कितीतरी दिवसांनी त्याला जेवण गोड लागलं.

मांडवात बायकांनी आंब्याच्या पानांनी सुभद्रेला तेल चढवलं. पाटील शालिकरामला खेटून बसले.

"अस्सल वास आला गड्या. म्या ठरवलं, येत्या रब्बीले साऱ्या बांधांनी करडी लावतो. मी लावली की गाव लावते. तुहा घाणा चालला पाह्यजे." त्यांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला. "पंचक्रोशीत दाणा उरला नाई म्हणतात. पण तेल निंगालं, म्हंजे तुयापाशी बियाणं असनच."

शालिकरामनं मांडवाच्या त्या टोकाला पाहिलं. गोदाबाई सुभद्रेच्या पायांवरचं तेल तळहातानं जिरवत होती. तिनं मान वर केली नाही.

"हाये ना?" पाटलांनी विचारलं.

"होतं, पाटील," शालिकराम म्हणाला.