चार बोटांची मूठ

"मावशी, हात लावू नका त्या भांड्याला! वहीत रंगाच्या सहा मुठी लिहिल्यात, सहाच पडणार."

"घाल की मग सहा. आणि पडदे म्हणून शेवाळ पाठव दवाखान्याला."

"मास्तरांची वही चूक, आणि दोरीवर कापड वाळत घालणाऱ्या तुम्ही बरोबर?"

"वही बरोबर आहे गं पोरी. मूठ चुकतेय."

मालकीण रडकुंडीला आली होती. कापड रंगवण्याचा हा कारखाना वडिलांमागे तिच्या गळ्यात पडलेला. सकाळी रंगमास्तर किल्ल्या खिळ्याला अडकवून समोरच्या कारखान्यात रुजू झाले, ना राम राम ना काही. आणि दवाखान्याचे तीनशे हिरवे पडदे उद्या संध्याकाळी गाडीत चढायचे होते. मोठं गिऱ्हाईक उरलं होतं ते हेच. ते तुटलं की दाराला कुलूप, अकरा माणसं घरी. तिने स्वतः रंगवलेले दोन्ही नमुने काळपट निघाले होते.

मावशींनी आपला पंजा तिच्या नाकासमोर धरला. "मास्तरांची करंगळी यंत्रात गेली, तेव्हा तू शाळेत होतीस. त्यांची मूठ चार बोटांची. तू पाचांनी भरतेस. सहा वेळा जास्तीचं पडलं, की झालं शेवाळ!"

मालकिणीने रंगाच्या पुडीचा डबा पुढे केला. करंगळी बाहेर ठेवून मावशींनी सहा मुठी टाकल्या, ढवळलं, चिंधी बुडवून झाकणावर वाळवली.

"ओल्या रंगावर भाळू नकोस. ओलं सगळंच देखणं, नव्या नवऱ्यासारखं!"

वाळलेली चिंधी मास्तरांनी रंगवलेल्या जुन्या पडद्यावर ठेवली, तर कुठे ठेवली ते शोधावं लागलं.

पडद्यांचा पहिला गठ्ठा रंगात सोडता सोडता भट्टीवरचा म्हातारा खो खो हसला. "ताई, बावीस वर्षं हेच चाललंय. मास्तरांचा रंग हुकला की मावशी कापडाच्या टोकाला गाठ मारून ठेवायच्या. मास्तर गाठ बघायचे आणि पुढच्या खेपेला सुधारायचे. शाबासकी मास्तरांची, गाठ मावशींची."

मालकिणीला एकदम आठवलं. बाबा दर वर्षी मास्तरांना सगळ्यांसमोर शाल द्यायचे, तेव्हा मावशी मागे उभ्या राहून सगळ्यात जोरात टाळ्या वाजवायच्या.

"मावशी, इतकं कळत होतं, तर बाबांना एकदा तरी सांगितलं का नाहीत?"

मावशींनी रंगातून निघालेला पहिला ओला गठ्ठा खांद्यावर टाकला, कोपराने दार ढकललं आणि दोऱ्यांकडे निघून गेल्या.