पुठ्ठ्याखालचं उत्तर

घराला कुलूप लावलं की ती ते तीनदा ओढून बघायची. सासूबाई म्हणायच्या, "तुला एक दिवस स्वतःच्या सावलीचंही ओळखपत्र लागेल." ऑफिसात तिचं नाव खात्रीबाई. अकरा वर्षं ती लोकांचे विसरलेले पासवर्ड बदलून देत होती. आता सर्व्हरच्या खोलीत एक जागा निघाली होती, आणि त्यासाठी नेटवर्क सुरक्षेची परीक्षा. जागा एक, उमेदवार दोन. दुसरा केबल जोडणारा.

त्यानेच तिला मागच्या एका उमेदवाराच्या, सोडवलेल्या उदाहरणांच्या वहीची झेरॉक्स आणून दिली. "घ्या ताई, पाठ करा आणि सुटा."

स्पर्धेतला माणूस आपणहून वही देतो? तिच्या मनात पाल चुकचुकली.

तिने पाठ केलं नाही. जेवणाच्या सुट्टीत ती उत्तरावर पुठ्ठा ठेवायची, आधी स्वतः सोडवायची. अडलं, तर पुठ्ठा एकच ओळ खाली, की पुन्हा स्वतः. सातव्या उदाहरणात गाडं अडलं. आकड्याला कुलूप घालणारी उघड चावी दिली होती तीन, ते कुलूप उघडणारी गुप्त चावी काढायची होती. गुप्त चावी तिची आली सत्तावीस, वहीत सदतीस.

आधी तिने स्वतःवरच संशय घेतला. पुन्हा मांडलं. पुन्हा सत्तावीस. मग कुलूप ओढावं तसं केलं. उघड चावीने बंद केलेला आकडा गुप्त चावीने उघडलाच पाहिजे. तिने दोन हा आकडा तीनने बंद केला, दोन गुणिले दोन गुणिले दोन, आठ झाला. सत्तावीसने उघडला, दोन परत आला. सदतीसने उघडला, तर तेरा! गुप्त चावी काढताना वहीवाल्याने चाळीसने भागून बाकी घ्यायची तिथे पंचावन्नने भागलं होतं.

मुद्दाम? ती तडक त्याच्या टेबलाशी गेली. तो डोळे मिटून पुटपुटत होता, "...म्हणून गुप्त चावी सदतीस."

म्हणजे हाही त्यातच बुडालेला. गप्प बसली असती तर जागा तिचीच होती. ती दोन पावलं परत फिरलीही.

"भाऊ, सदतीस चूक आहे."

त्याने एक डोळा उघडला. "परवा परीक्षा, आणि आज तुम्हाला माझी दया आली? वा!"

"माझ्यावर विश्वास ठेवू नका. वहीवरही नको. दोन बंद करा, उघडून बघा."

"याच वहीवर मागचे सगळे पास झालेत, खात्रीबाई."

तिने पुठ्ठा त्याच्या वहीवर ठेवला आणि निघाली. दाराशी वळून पाहिलं. तो पुठ्ठा उलटून बघत होता, मागे काही लिहिलंय का. मग खुर्ची भिंतीकडे फिरवून, कुणाला दिसू नये अशी, त्याने पेन्सिल काढली.