थिएटरातून चालती हो

जमनाला तपासून झाल्यावर रक्तानं भरलेला हातमोजा डॉक्टरनं माझ्या तोंडावर फेकला. "थिएटरातून चालती हो! डॉक्टर मी आहे, तू नाहीस."

ऐंशीच्या दशकातलं धुळ्याचं सरकारी इस्पितळ. मी तिथं नर्स. ऑपरेशनच्या टेबलावर पिंपळनेरकडची जमना, मूल आडवं आलेलं. मी एवढंच म्हटलं होतं, "सर, इथं सगळी तयारी आहे. तिला तुमच्या खाजगी दवाखान्यात कशाला पाठवताय?" बस्स. झोंबलं मेल्याला.

व्हरांड्यात आया, वॉर्डबॉय, नातेवाईक, सगळे बघत होते. तो म्हणाला, "आधी पाय धरून माफी माग. मग बघतो सिझरचं."

जमनाची आई माझा हात सोडेना. "माय, मनी पोरले वाचाड वं!"

मी पाय धरले. त्या चकचकीत बुटांवर डोकं टेकवलं. त्यानं पाय मागं घेतला. "आता उशीर झाला. माझ्याकडं आणा." स्कूटरला किक मारून गेला.

जमना रिक्षातच गेली. पोटातल्या लेकरासकट.

तिची आई माझ्यावर ओरडली नाही. नुसतं विचारलं, "त्याना पाय कसाले धरात तू?"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. त्या बुटांवर टेकलेलं डोकं माझंच होतं ना! मी तक्रार केली. बदली कुणाची झाली? माझी. जळगावला. बरंच झालं म्हणा, तिथं हौशी नाटकवाले भेटले. आधी कामावरून सुटल्यावर तालमी, मग नोकरीच सोडली. लोक मला नटी म्हणून ओळखायला लागले. मग मी जमनाचं नाटक लिहिलं. त्यात डॉक्टर मी. मिशी लावते, बूट घालते. सरकारी दवाखान्यासाठी मोर्चा असो, सभा असो, हेच नाटक.

काही वर्षांनी धुळ्यात प्रयोग लागला. प्रमुख पाहुणा कोण? तोच! आयोजकांना बिचाऱ्यांना काय माहीत. मला माहीत होतं. मी जीभ दाताखाली धरून गप्प बसले.

समई लावून तो पहिल्या रांगेत बसला. मी त्याच्याकडं बघत त्याच्याच आवाजात म्हटलं, "आधी पाय धरून माफी माग." तो उठला, दाराकडं निघाला.

मी मिशी उपटली. "डॉक्टर, थिएटरातून चालते होऊ नका! जमना अजून टेबलावर आहे."

मागून कुणी ओरडलं, "हाऊच शे का तो?"

"हाऊच शे! हाच तो डॉक्टर!" मी म्हटलं. काय गार वाटलं जिवाला!

प्रयोगानंतर तो रंगपटात आला. हात जोडलेले. "ताई, जुनं उकरून काढू नका. माझी अब्रू जातेय."

"पाय धरा," मी म्हटलं.

वाकला. मी पाय मागं घेतला. "आता उशीर झाला."

त्याला माफी नाही. पुढचा प्रयोग पारोळ्याला, भर बाजारच्या दिवशी, सरकारी दवाखान्याच्या दाराशी. मग अमळनेर, मग पिंपळनेर. जमनासारखीला तिच्या हक्काच्या दवाखान्यात टेबल आणि डॉक्टर मिळत नाही, तोवर मी ही मिशी लावणार. आणि दर वेळी त्याचं नाव घेऊनच उपटणार.