किमसाहेबांचे काळे दाणे

"बाई, तो साहेब बॅग भरता हा."

गेस्ट हाऊसवरून मालूमावशीचा फोन आला तेव्हा मी कँटीनच्या मागच्या दारात भाजीवाल्याशी भांडत होते. भांडण तिथेच सोडलं आणि रिक्षा पकडली.

ही ऐंशीच्या दशकातली गोष्ट. अंधेरीला एका प्लास्टिकच्या कारखान्यात मी कँटीन मॅनेजर होते. गेस्ट हाऊसचं जेवणही माझ्याच गळ्यात. गेस्ट हाऊस म्हणजे फार काही नाही, जवळच्याच सोसायटीतला कंपनीचा दोन खोल्यांचा फ्लॅट. तिथे स्वयंपाकाला मालूमावशी आणि मुक्कामाला किमसाहेब. हे कोरियाहून नवीन मोल्डिंग मशीन बसवायला आलेले इंजिनिअर. मशीन कारखान्यात अर्धवट उघडं पडलेलं. किम गेले तर ते जोडणार कोण? आमच्या साहेबांना तर स्क्रूड्रायव्हर कुठल्या बाजूने धरायचा हेही ठाऊक नव्हतं. आणि पाहुणा जेवणावरून गेला, तर पहिली नोकरी माझी जाणार.

आल्या आल्या मावशीच्या रश्श्याने किमसाहेबांच्या पोटाची वाट लागली होती. माणूस आठवडाभर पेज आणि मीठ-साखरेच्या पाण्यावर काढत होता. मग एका रविवारी ते स्वतःच ओट्यापाशी उभे राहिले. बटाट्याच्या फोडी, उकडलेली अंडी आणि बायकोने घरून बांधून दिलेले काळे सोयाबीन. तिन्ही वेगवेगळं, पण रीत एकच. सोया सॉस, साखर, लसूण आणि पाणी घालून मंद आचेवर ठेवायचं आणि रस आटून फोडींना चिकटेपर्यंत ओट्यापासून हलायचं नाही. याला ते 'जोरिम' म्हणत. गार झालं की डब्यांत भरून फ्रिजमध्ये. मग रोज भाताबरोबर थोडं थोडं तोंडी लावायचं, तेही गारच. माणूस सुधारला. मशीनही पुढे सरकलं.

आणि त्या सकाळी जीएमसाहेबांच्या मॅडम 'गेस्ट हाऊस जरा बघून येते' म्हणून अवतरल्या.

मॅडमना कंपनीत कसलंही पद नव्हतं. त्यामुळे त्यांना कुठेही जायला मोकळीक होती. त्यांनी फ्रिज उघडला. "अगं बाई! हे काय काळंकुट्ट? कधीचं आहे?"

"तीन दिस झाले," मावशी खरं बोलली.

"परदेशी पाहुण्याला शिळं घालता? लाज नाही वाटत?" झालं! तिन्ही डबे कचऱ्यात. वर मावशीकडून पुऱ्या तळून घेतल्या, बटाट्याची भाजी करवली आणि पाहुणचाराचं पुण्य गाठीला बांधून मॅडम घरी गेल्या.

दुपारी किम जेवायला आले, फ्रिज उघडला आणि थेट बॅग काढली.

मी जीएमना फोन लावला.

"अहो सावंतबाई, एवढं काय त्यात? चायनीज मागवा ना!"

"सर, ते कोरियन आहेत."

"तेच ते हो!"

"मग उद्या तुमच्या ताटात इडली वाढते आणि सांगते, बटाटावडा आहे."

जीएम घाईने म्हणाले, "काहीही करा, पण तो माणूस जाता कामा नये." हे 'काहीही करा' म्हणणाऱ्यांना पगार जास्त का असतो, ते मला निवृत्त होईपर्यंत कळलं नाही.

किम शर्टाच्या घड्या घालत होते. मी विचारलं, "बीन्स? मोअर?"

त्यांनी बॅगेच्या तळातून एक छोटं पाकीट काढलं. "लास्ट. वाइफ गिव्ह." डोळे भरले होते हो त्यांचे. मला मॅडमचा असा राग आला की बस.

"यू कुक," मी म्हटलं. "आय स्टँड हिअर. नोबडी टच."

दाणे गरम पाण्यात भिजवले, संध्याकाळी हिंडालियमच्या कढईत चढवले. किम ढवळत होते, मी पहाऱ्याला. मावशीचा जीव मात्र खालीवर. "बाई, फोडणी खंय? मोहरी तरी टाकू? कडीपत्तो?"

"मावशी, हात बांधून बसा."

शेवटी वरून भुरभुरायला तीळ लागले तेव्हा तिच्याच डब्यातले निघाले. तेवढ्यावर तिचं समाधान झालं.

रस आटत आला आणि बेल वाजली. दारात जीएम आणि मॅडम. मॅडमच्या हातात चिनी मातीची बरणी. "मला कळलं, त्यांना वाईट वाटलं. म्हणून घरचं लिंबाचं लोणचं आणलंय. साधंसुधं नाही हं, तीन वर्षांचं मुरलेलं! पोटाला अमृत."

जीएमनी कौतुकाने भाषांतर केलं, "होममेड. थ्री इयर्स ओल्ड."

किमनी गॅस बंद केला. बरणीत बघितलं. आतलं लिंबू काळंभोर झालेलं. मग मॅडमकडे बघून अगदी नम्रपणे विचारलं, "थ्री इयर, गुड. माय थ्री डे, डस्टबिन?"

मालूमावशी पदर तोंडाला लावून बाल्कनीत पळाली. जीएम पंख्याकडे बघायला लागले. मॅडम म्हणाल्या, "अहो, पण ते मुरलेलं असतं!" आणि मग त्यांचं त्यांनाच ऐकू आलं असावं. कारण त्यांनी बरणी हळूच ओट्यावर ठेवून दिली.

किमनी लोणच्याची फोड चाखली, मान डोलावली आणि बरणी ठेवून घेतली. बॅग रिकामी केली. अट एकच, फ्रिजला कुलूप. दुसऱ्या दिवशी मी कडी-कोयंडा बसवून घेतला.

मशीन सुरू झालं. उद्घाटनाच्या भाषणात जीएमनी पाहुणचाराचं सगळं श्रेय मॅडमना दिलं. मीही टाळ्या वाजवल्या, नोकरी होती ना! पण नंतर मॅडमनी जेव्हा जेव्हा फ्रिजची किल्ली मागितली, तेव्हा तेव्हा ती नेमकी सापडत नव्हती.

पस्तीस वर्षं लोकांना जेवू घातलं. त्यातून शिकले ते इतकंच: आपलं ते मुरलेलं, दुसऱ्याचं ते शिळं.