वलगावची काळवेस आणि अर्धी पात

अकोल्याच्या जुन्या शहरात मंगलचं, म्हणजे माझ्या बायकोचं, माहेर. तिथून पहाटेच्या एसटीने आम्ही अमरावतीला आलो आणि बस बदलून वलगावला उतरलो. पुण्याहून इतक्या लांब यायचं कारण म्हणजे गावाबाहेरची काळवेस. काळ्या दगडाचे दोन खांब, वर कमान. ना तट, ना दार. शेताच्या मधोमध एकटीच उभी. कापसाची पहिली वेचणी निघते त्या एका दिवशी ती उघडते. तिच्याखालून पलीकडे गेलं की माणूस थेट त्या काळात पोचतो, जेव्हा अमेरिकेतल्या लढाईने तिकडचा कापूस अडला होता आणि विलायतेच्या गिरण्यांचं सगळं लक्ष वऱ्हाडाकडे लागलं होतं.

राखणदार म्हाताऱ्याने मला धोतर आणि मंगलला लुगडं दिलं. "दिवस बुडाच्या आत या, साहेब. मंग वेस मिटते. तिकडं राह्यलं तं वर्सभर वाट पाहा लागते."

कमानीखाली कानात दडे बसल्यासारखं झालं, बस्स. पलीकडे तीच काळी जमीन, पण विजेचे खांब नाहीत, डांबर नाही. कापूस भरलेल्या बैलगाड्यांची रांग अमरावतीच्या बाजाराकडे निघाली होती आणि धुळीत शिंगंच तेवढी दिसत होती. बाजूला सरताना धोतरात पाय अडकून मी गुडघ्यावर आपटलो. गाडीवान ओरडला, "उठा बुवा, बैलाच्या पाया काय पडून राहिले!" मंगल खळखळून हसली. तिचं असं हसणं मी घरी ऐकलेलं नाही.

रस्त्याकडेच्या शेतात बाया जमल्या होत्या. सीतादहीचा (पहिल्या वेचणीआधीची पूजा) दिवस. एका भरल्या झाडाशी म्हातारी मालकीण रखमाबाई दहीभाताचा नैवेद्य ठेवत होती. मंगलकडे पाहून तिने विचारलं, "कोनाची वं तू?"

"अकोल्याची हावो, माय."

"अन् हा?"

"हा माहा नवरा. पुन्याचा."

"मंग बोलत काहून नाई? मुका हाये का?"

बाया हसल्या. मी सभांमध्ये तासतासभर बोलणारा माणूस, पण तिथे मला एक वाक्य सुचेना. मंगलला मात्र सगळं येत होतं. नैवेद्य झाल्यावर रखमाबाईने तिला पात (एका बाईने वेचायच्या ओळी) नेमून दिली. मंगलने पदराची ओटी बांधली आणि दोन्ही हातांनी बोंडं रिकामी करत ती सरसर पुढे गेली. मीही दोन झाडं वेचली. वाळल्या बोंडांच्या टोकांनी बोटं सोलून निघाली. शेजारची बाई म्हणाली, "भाऊ, कापूस वेचा, रगत नोका वेचू."

दुपारी बांधावर भाकर, वांग्याची भाजी आणि मिरचीचा ठेचा. माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. मंगलने दुसरी भाकर मागून घेतली आणि वेस मिटली तर वर्षभर इथेच अडकू, हेही बोलता बोलता सांगून टाकलं. रखमाबाई तिच्या केसांवरून हात फिरवत म्हणाली, "राह्य ना माह्याकडं. माही लेक दूर गेली. वर्सभराचं काय घेऊन बसली?"

मंगल नाही म्हणाली नाही. ती शेताकडे पाहत राहिली.

मला हेवा वाटला. त्या म्हातारीचा, त्या बायांचा, त्या पांढऱ्या शेताचासुद्धा. लग्नानंतर माझ्या मित्रांसमोर ती वऱ्हाडीत बोलली होती आणि रात्री मी तिला सांगितलं होतं, इथे असं बोलू नकोस. त्यानंतर सव्वीस वर्षं ती माझ्या घरात कमी बोलते. शांत स्वभावाची आहे, असं मी लोकांना सांगत आलो.

मी तिला बाजूला घेतलं. म्हणालो, "राखणदार मला निघताना बाजूला म्हणाला होता, आज वेस दुपारीच मिटणार. चल." हे धडधडीत खोटं होतं.

रखमाबाई उठून उभी राहिली. "अर्धी पात सोडू नोको वं. आजच्या दिवसाची पात जिनं धरली तिनंच पुरी करा लागते. दुसरी कोनी हात नाई लावत. कापूस झाडावरच गळते."

मंगलने ओटी सोडून कापूस रखमाबाईच्या टोपलीत ओतला आणि माझ्यामागून आली.

वेशीच्या अलीकडे राखणदार चकित झाला. "इतक्या लौकर? दिवस बुडेपावतर टाइम होता ना!"

मंगलने माझ्याकडे पाहिलं. मग मागे वळली.

"मीही येतो," मी म्हणालो.

"तुम्ही इथेच बसा," असं म्हणून ती कमानीखाली दिसेनाशी झाली.

मी दगडावर बसलो. राखणदाराने चहा दिला, तो तसाच निवला. ऊन पिवळं झालं, मग तांबूस. वर्षभराचं एकटं घर मला दिसू लागलं, आणि त्याहून वाईट म्हणजे तिकडे ती सुखात आहे हेही. त्या भीतीतही हेवा होताच. सूर्याची कड मातीला टेकली तेव्हा ती बाहेर आली. लुगड्यावर धूळ, बोटांना ओरखडे.

"झाली पात?" मी विचारलं.

"झाली."

परतीच्या एसटीत बडनेरा मागे पडलं. मूर्तिजापूरच्या अलीकडे मी कसंबसं म्हणालो, "मी खोटं बोललो. मला तुझा हेवा वाटला."

तिने खिडकीतून नजर काढली आणि शांतपणे म्हणाली, "हे तं आजचं झालं. सव्वीस वर्साचं कवा सांगता?"

अकोला येईपर्यंत मला सुरुवात करता आली नाही. ती सुरुवात आता इथे करतो आहे. वाचकहो, तुमच्या हाती हे पडेल तेव्हा ते तिने आधी वाचलेलं असेल, आणि तिने नको म्हटलं तर तुमच्यापर्यंत ते येणारच नाही.