छतावरची टाकी

ऱ्हस्व-दीर्घ चुकलं असेल तर माफ करावं. चौथीनंतर शाळा सुटली, आणि अक्षर असं की दुसऱ्या दिवशी माझं मलाच लागत नाही. हे कुणाला दाखवायला लिहीत नाही. त्या बाईचं काही विसरून जाऊ नये, एवढ्यासाठी लिहिते.

आम्ही जपानात एदोगावा भागात राहतो. नवरा भारतीय हॉटेलात स्वयंपाकी आहे आणि मी सकाळची डब्यांच्या कारखान्यात जाते. तिथे पट्ट्यावरून डबे सरकत येतात, ज्याने त्याने आपला जिन्नस त्यात ठेवायचा. माझ्याकडे मुळ्याचं लोणचं, माझ्या शेजारी तिच्याकडे अंड्याची वडी. ती पॅलेस्टाईनची. मला चारचौघांत बोलायची लाज वाटते, मराठीतसुद्धा. पण आम्हा दोघींचंही जपानी मोडकंच होतं, त्यामुळे हसणारं कुणी नव्हतं आणि आमचं जमलं.

तिचं गाव छोटं, अगदी सरहद्दीच्या कुंपणाला लागून. त्यांची जैतुनाची, म्हणजे ऑलिव्हची, झाडं कुंपणाच्या पलीकडे राहिली. तोडणीच्या दिवसांत पलीकडचे सैनिक फाटक उघडतात आणि परवाना असेल त्यालाच आत सोडतात. तिची म्हातारी आई दरवर्षी शिडी घेऊन त्या रांगेत उभी राहते.

मी विचारलं, "शिडी झाडाखालीच का ठेवत नाही?"

"एकदा ठेवली होती. पुढच्या वर्षी झाडं होती, शिडी नव्हती," ती म्हणाली आणि हसली. अशा गोष्टी ती हसून सांगायची.

एकदा मी तिला वाटीभर शेंगदाण्याची चटणी दिली. वाटी परत आली ती जैतुनांनी भरून. भांडं रिकामं परत द्यायचं नाही ही रीत त्यांच्याकडेही आहे. मग मीही भरून दिली, तिनेही भरून दिली. शेवटी वाटी कुणाची हेच आम्ही विसरलो. माझा नवरा म्हणायचा, "बघू आता, आधी कोण थकतं. तू, ती, का वाटी."

मागच्या उन्हाळ्याच्या तोंडावर तिच्या गावात गोळीबार झाला. आई वाचली, पण छतावरच्या पाण्याच्या टाकीची चाळण झाली. तिकडे नळाला रोज पाणी येत नाही. येईल तेव्हा टाकी भरून घ्यायची आणि त्यावर दिवस काढायचे. टाकीशिवाय उन्हाळ्यात राहणं शक्य नव्हतं. शहरातला भाऊ आईला म्हणत होता, माझ्याकडे ये. आई म्हणत होती, या घराला एकदा कुलूप लागलं की मला परत येऊ देतील याचा भरवसा नाही. शेजारचं घर तसंच बंद पडलं होतं.

काम सुटल्यावर डोक्याची टोपी काढता काढता तिने मला सांगितलं. मान खाली घालून नाही, सरळ माझ्याकडे बघून.

"उख्ती, टाकीला आणि मोटरीला पैसे कमी पडतायत. असतील तर उसने दे. दर पगाराला थोडे थोडे फेडीन."

उख्ती म्हणजे माझी बहीण. मला ती तशीच हाक मारायची. मी पाटल्यांसाठी पैसे साठवत होते, ते दिले. थोड्या दिवसांनी आईचा फोटो आला. नवी काळी टाकी, आणि शेजारी आई, लग्नाच्या फोटोतल्यासारखी ताठ उभी.

मग दर पगाराला वाटीवर पांढरं पाकीट येऊ लागलं.

तोडणीच्या वेळी कळलं की या वर्षी त्यांच्यासाठी फाटक उघडलंच नाही. जैतुनं झाडावरच राहिली, म्हणजे आईला तेलाचे पैसे नाहीत. तरी त्या महिन्याचं पाकीट वेळेवर आलं. मला ते जड झालं. तोंडाने बोलायला जमेना, म्हणून मी वाटीत बेसनाचे लाडू भरले आणि त्यांच्याखाली तेच पाकीट ठेवून दिलं.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत तिने पाकीट माझ्यासमोर ठेवलं.

"आमच्या गावात मदतीची लॉरी येते. पोतं देतात आणि देताना फोटो काढतात. माझी आई पोतं घेते, घ्यावंच लागतं. घरी येऊन तोंड धुते. तुझ्याकडे मी बहीण म्हणून मागितले होते."

मी कसंबसं म्हटलं, "बहीण परत घेत नाही."

"मोठी बहीण धाकटीचं ठेवून घेत नाही. आणि मोठी मी आहे." मग म्हणाली, "लाडू मात्र ठेवले."

मी पाकीट घेतलं. मला तिच्यासारखं सरळ बघून मागता येत नाही, आणि असं नको म्हणताही येत नाही. त्यानंतर ती सुट्टीच्या दिवशीही एका हॉटेलात खोल्या साफ करायला जाऊ लागली. पाकीट एकदाही चुकलं नाही.

परवा तिने फोनवर आईला दाखवलं. आई अजून त्याच घरात आहे. म्हातारीने मला बघितलं, फोन मोरीत नेला आणि नळ सोडला. पाण्याचा आवाज आम्ही दोघींनी ऐकला.

मग तिने वाटी पुढे केली. वर शेवटचं पाकीट होतं.

"माझ्यासमोर मोज," ती म्हणाली.

मी मोजले. सगळे फिटले होते.