ढगांची गणपूर्ती

मे महिन्यातला रविवार, गच्चीवर सोसायटीची सभा. विषय, इमारतीमागची पाच झाडं काढून गाड्यांना जागा करणं. कंत्राटदाराचा आकडा चाळीस हजार. हजर, अकरा सभासद आणि आत न येता जिन्यात उभे असलेले माझ्या बायकोचे मामा. अख्ख्या डोंबिवलीत यांच्याइतका संशयी माणूस दुसरा नाही, हे मी सोसायटीचा खजिनदार या नात्याने जबाबदारीने लिहितो आहे. मामा वीज कंपनीच्या मीटर तपासणाऱ्या पथकात होते, आणि निवृत्त झाल्यावरही त्यांची तपासणी थांबली नाही. दूध ते मापाने घेत आणि मग मापच तपासत. लग्नात अहेराचं पाकीट यजमानांसमोर उघडून आतली नोट दाखवत, "उद्या वाद नको." माझं लग्न ठरत असताना मी खरंच नोकरीला आहे का हे विचारायला त्यांनी माझ्या ऑफिसात फोन केला होता. फोन मीच उचलला. मामा म्हणाले, "तुम्ही स्वतःबद्दल चांगलंच सांगणार. दुसऱ्या कोणाला तरी द्या."

जमिनीवरचे सगळे तपासून झाल्यावर त्यांनी आभाळ धरलं. रोज संध्याकाळी ते गच्चीवरून पलीकडच्या डोंगरांकडे पाहत. डोंगरावर जिथे जंगल आहे तिथे ढग रेंगाळतात आणि आपल्या डोक्यावर मात्र कोरडं आभाळ, यात त्यांना चोरीचा वास येई. "जंगल म्हणजे बिनमीटरचा पंप आहे, जावईबापू. जमिनीतलं पाणी ओढतं आणि पानांतून वर सोडतं. शिवाय जंगलाचा तो वास येतो ना, त्याचेच बारीक कण वर जातात, त्यांना धरून वाफ बसते आणि ढग होतो. पांढरा ढग ऊन परत पाठवतो. जंगल गेलं की छप्पर गेलं. आपलंच नाही, साऱ्या जगाचं." हे मोबाइलवर फिरणारं काहीतरी असणार म्हणून मी पडताळून पाहिलं, तर बरंचसं खरं निघालं. फक्त बर्फाळ मुलखात गर्द जंगल उलट ऊन शोषून घेतं, हे मी त्यांना सांगायला नको होतं. पुढे आठवडाभर मामा मागच्या जांभळाकडेही डोळे बारीक करून पाहत होते.

ती पाचही रोपं इमारत नवी असताना मामींनी टिटवाळ्याहून, माहेराहून आणून लावली होती. मामी गेल्याला आता काही वर्षं झाली. मामा सभेत हे कधीच बोलले नाहीत. भावनेचा मुद्दा आणणारा माणूस संशयास्पद दिसतो, असं त्यांचं मत.

तर त्या रविवारी अठरापैकी बारा सभासद हवे होते. मामा आत आले असते तर बारा झाले असते. म्हणूनच ते जिन्यात होते. सेक्रेटरी हसले. गणपूर्ती नसेल तर सभा अर्धा तास तहकूब करायची आणि त्याच जागी, असतील तेवढ्यांत पुन्हा भरवायची, हा नियम त्यांना पाठ होता. तेवढ्या वेळात ते सगळ्यांना खाली गाड्यांची जागा दाखवायला घेऊन गेले. खडूच्या रेघा उन्हात मारलेल्या होत्या. मंडळी त्या पाचांतल्याच शिरीषाच्या सावलीत उभी राहिली. वेळ संपत आली, पण गच्चीवरच्या तापलेल्या पत्र्याखाली चार मजले चढून परत जायला कोणी तयार होईना. "तुम्ही व्हा पुढे, आलोच," म्हणत सेक्रेटरींनी बुंध्याला पाठ टेकली.

नियम तो नियम, म्हणून मी एकटा वर गेलो. मामा पहिल्या खुर्चीत बसलेले.

"आत आलात?"

"आता मला मोजलं तरी चालतं."

मी घाम पुसत म्हणालो, "मामा, पाच झाडांनी का ढग होतो? हा हिशेब काही बसत नाही."

"मघाशी तुम्ही अकरा होतात. झाली सभा? एक कमी पडला. ढगांचंही तसंच. त्यातलं बारावं झाड कुठलं, हे कोणी सांगावं? आणि त्यांची सभा तहकूब झाली ना, की अर्ध्या तासाने त्याच जागी भरत नाही." मग ते डोंगरांकडे बघत म्हणाले, "लिहा. तुमचं मत गाडीला, ठाऊक आहे मला."

गाडी माझी होती आणि ती रस्त्यावरच उभी असे, हे खरं. मी सभेच्या वहीत लिहिलं: झाडं ठेवावीत, दोन विरुद्ध शून्य. मामांनी ते तीनदा वाचलं आणि माझ्याकडे रोखून पाहिलं.

"का केलंत? काय हवंय तुम्हाला?"

"काही नाही."

"हं," मामा म्हणाले. चार दिवस ते माझ्याशी जपूनच बोलत होते.

चाळीस हजारांपैकी शेवटी दिले गेले तीनशे, कंत्राटदाराला, येण्याजाण्याचे. आणि तेही मामांनी आपल्या खिशातून दिले. आता ते टिटवाळ्याला मुलाकडे असतात. दर रविवारी फोन येतो. "किती आहेत?" "पाच, मामा." "अंदाजे नको. खाली जाऊन मोजा, मी थांबतो." मी फोन कानाला लावून खाली जातो आणि एकेका बुंध्यावर हात ठेवून मोठ्याने मोजतो.

गेल्या रविवारी मात्र मी "पाच" म्हटलं. "बरं. तुम्ही म्हणताय तर पाचच असतील," मामा म्हणाले आणि फोन ठेवला. असं ते आयुष्यात कोणाला म्हणाल्याचं मला माहीत नाही. मी चपला घातल्या आणि खाली जाऊन मोजून आलो.